रिटायर झालात, पैसे अडकलेत, कोर्टात जायचंय? कोकणातल्या रिटायर मंडळींचे नेहमीचे प्रश्न

आधी माझं सांगतो म्हणजे कोण बोलतंय ते कळेल. मी वकील नाही. ३१ वर्षं आस्थापनेच्या टेबलावर काढली, म्हणजे दुसऱ्यांच्या पेन्शन केसेस तयार करून पुढे पाठवणं हेच काम, आणि माझी स्वतःची ग्रॅच्युइटी रिटायर झाल्यावर १४ महिन्यांनी आली. कारण काय तर १९९४ सालच्या एका अर्जित रजेच्या नोंदीवर तेव्हाच्या साहेबांची सही राहिलेली. तेव्हापासून गावात, एसटी स्टँडवर, लग्नात पंगतीला बसलो तरी कोणी ना कोणी विचारतंच, अहो आमचं काय होईल, कोर्टात जाऊ का. तेच तेच प्रश्न येतात म्हणून एकदाच लिहून ठेवतोय.

रिटायर होऊन चार महिने झाले, एक पैसा नाही. डायरेक्ट कोर्टात जाऊ का?

थांबा जरा. आधी फाईल कुठे आहे ते शोधा. कोर्टात गेल्यावर पहिलाच प्रश्न तोच येणार आणि "ऑफिसमध्ये असेल" हे उत्तर तिथे चालत नाही. राज्य सरकारी माणसाची केस साधारण अशी फिरते: तुमचं कार्यालय, मग सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे कोकण भवनला, परत कार्यालयात, मग मुंबईला महालेखापाल, तिथून पीपीओ (पेन्शन द्यायचा आदेश) निघाला की जिल्हा कोषागार. झेडपीवाल्यांचं महालेखापालांकडे जात नाही, मंजुरी झेडपीतच होते, पण त्यांची गाडी अनुदान आलंय की नाही यावर अडते. या प्रत्येक टप्प्यावर आक्षेप लागू शकतो आणि गंमत अशी की आक्षेपाचं पत्र तुम्हाला कोणी देत नाही, ते टेबलावर पडून असतं आणि तुम्हाला सांगतात "मुंबईला अडकलंय".

तर १० रुपयांचा स्टॅम्प लावून माहिती अधिकारात अर्ज टाका. विचारायचं एवढंच की माझं पेन्शन प्रकरण कुठल्या तारखेला कुठल्या जावक क्रमांकाने कुठे पाठवलं, आक्षेप काय लागला, त्याची पूर्तता कधी केली, आणि सगळ्याच्या प्रती. ३० दिवसांत उत्तर द्यायला लागतं. माझ्या पाहण्यातल्या बऱ्याच केसेस या एका अर्जावरच सुटल्यात, कारण अर्ज आला की टेबलवाल्याला फाईल उघडायलाच लागते आणि उघडली की त्यालाच लाज वाटते. हे मी त्या बाजूला बसून पण अनुभवलंय.

आणि चार महिने म्हणजे पेन्शन पण नाही? मग तात्पुरतं निवृत्तिवेतन का नाही चालू केलं ते लेखी विचारा. फायनल व्हायला वेळ लागणार असेल तर तात्पुरतं द्यायची सोय नियमातच आहे आणि ते कार्यालयप्रमुखाचं काम आहे, कोणाची मेहेरबानी नाही.

नेमके कुठकुठले पैसे मिळायचे असतात?

जुन्या पेन्शनवाल्यांना मासिक पेन्शन, ग्रॅच्युइटी, पेन्शनच्या अंशराशीकरणाची एकरकमी रक्कम (आपण कम्युटेशन म्हणतो तेच, पेन्शनचा काही भाग सोडून त्या बदल्यात मिळणारे पैसे), शिल्लक अर्जित रजेचा पगार जास्तीत जास्त ३०० दिवसांचा, भविष्य निर्वाह निधी आणि गटविमा. ही सगळी वेगवेगळी बिलं असतात, वेगवेगळ्या टेबलावरून निघतात. हे लक्षात ठेवा कारण एक अडलं म्हणून ऑफिस सगळंच अडवतं आणि तसं करायचं काही कारण नसतं. भविष्य निर्वाह निधी तर तुमच्याच पगारातून कापलेला पैसा, त्याला रजेच्या नोंदीशी काय देणंघेणं?

कम्युटेशनचं एक: पेन्शनच्या ४० टक्क्यांपर्यंत विकता येते, पण अर्ज रिटायर झाल्यापासून वर्षाच्या आत करा, नंतर मेडिकल लागतं. कोर्टकचेरीच्या नादात हे विसरलेले दोघेजण मला माहीत आहेत.

माझं कोर्ट कुठलं? कोणी मॅट म्हणतं, कोणी हायकोर्ट, कोणी लेबर कोर्ट.

इथेच सगळ्यात जास्त लोक चुकतात आणि वर्ष वर्ष वाया घालवतात, म्हणून नीट वाचा.

तुम्ही थेट राज्य सरकारचे कर्मचारी असाल, म्हणजे महसूल, पोलीस, पीडब्ल्यूडी, कृषी विभाग, सरकारी हॉस्पिटल वगैरे, तर तुमचं ठिकाण मॅट, महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. १९९१ पासून आहे, मुंबई, नागपूर आणि औरंगाबाद इथे बसतं, आपलं कोकण मुंबईला. १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालात सुप्रीम कोर्टाने ठरवून टाकलंय की आधी न्यायाधिकरण आणि ते विरुद्ध गेलं तर मग हायकोर्ट. म्हणजे तलाठ्याने सरळ हायकोर्टात याचिका टाकली तर तिथून परत पाठवतात.

झेडपीचे, म्हणजे प्राथमिक शिक्षक, ग्रामसेवक, आरोग्यसेविका, झेडपीतले क्लार्क, यांच्यासाठी मॅट नाही. यांनी हायकोर्टात रिट याचिका, घटनेच्या कलम २२६ खाली. अनुदानित शाळेचे शिक्षक-शिपाई आणि दापोलीच्या कृषी विद्यापीठातले लोक यांचंही हायकोर्टच.

एसटीवाले वेगळे. त्यांची ग्रॅच्युइटी १९७२ च्या ग्रॅच्युइटी कायद्याखालची, नोव्हेंबर २०२५ पासून तो विषय सामाजिक सुरक्षा संहितेत गेलाय. त्यासाठी कायद्याने नेमलेला अधिकारी असतो, आपले लोक त्यालाही लेबर कोर्टच म्हणतात. नगरपरिषदेतल्या लोकांनाही ग्रॅच्युइटीपुरता हा कायदा लागतो, दिल्ली महापालिकेच्या एका कर्मचाऱ्याच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने १९९८ लाच ते सांगितलंय. त्यामुळे थेट हायकोर्टात गेलात तर "आधी तिकडे जा" ऐकायची तयारी ठेवा.

पोस्टातले, इन्कम टॅक्समधले, म्हणजे केंद्राचे असाल तर कॅट, म्हणजे केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, मुंबई.

पण हायकोर्ट म्हणजे मुंबईला जायचं ना?

रत्नागिरी आणि सिंधुदुर्गवाल्यांना आता नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच चालू झालं आणि सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर यांच्याबरोबर आपले दोन जिल्हे त्यात आले. रायगडवाले अजून मुंबईलाच.

म्हणजे बघा काय मजा आहे, एकाच गावातला ग्रामसेवक करूळ नाहीतर आंबा घाट चढून कोल्हापूरला जाणार आणि त्याच्याच शेजारी राहणारा तलाठी रात्रभर कोकणकन्येत बसून मुंबईला, दोघांचं दुखणं एकच, ग्रॅच्युइटी. ज्याने त्याने आपलं ठिकाण बघून घ्या. घाटातून जाणाऱ्यांनी पावसाळ्यात तारखेच्या आदल्या दिवशीच निघा, जुलैमध्ये दरड आली की वकिलाला फोन करून "रस्ता बंद आहे" सांगणं एवढंच हातात राहतं. तसं प्रत्येक तारखेला तुम्ही हजर पाहिजे असं काही नसतं, वकील असतो. पण आपल्या लोकांना गेल्याशिवाय चैन पडत नाही.

कोर्टाआधी निवेदन द्यायलाच लागतं का?

मॅटसाठी तर लागतंच. आधी खात्याकडे दाद मागा, सहा महिने उत्तराची वाट बघा, मग या, असं कायद्यातच आहे. हायकोर्टात पण निवेदन नसेल तर सरकारी वकील पहिला तोच मुद्दा काढतो.

निवेदन एका पानाचं करा. आपल्याकडे निवेदन म्हणजे "महोदय, मी ३४ वर्षे इमानेइतबारे सेवा केली" पासून सुरू होतं आणि मुलीच्या लग्नापर्यंत जातं, मग मूळ मागणी चौथ्या पानावर. असलं निवेदन मी स्वतः वाचायचो नाही, खरं सांगतो. वर नाव, पद, रिटायर झाल्याची तारीख. खाली कुठली रक्कम मिळाली, कुठली नाही. माहिती अधिकारात कळलेला आक्षेप आणि तो तुमच्या चुकीने नाही हे एक वाक्य. शेवटी अमुक दिवसांत द्या आणि उशिराचं व्याजही द्या. झालं.

आणि पोच. टपाल शाखेत दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय हलायचं नाही. "साहेबांच्या हातात दिलं" याला कोर्टात शून्य किंमत. शिक्का मारायला नाही म्हणाले तर बाहेर पडून पोस्टात जा आणि स्पीड पोस्टाने, रजिस्ट्रेशन आणि पोच मागून, पाठवा.

उशीर झाला तर केस गेली का?

मॅटमध्ये साधारण एक वर्षाची मुदत, खात्याचा निर्णय आल्यापासून, किंवा निवेदनाला उत्तरच नाही तर ते सहा महिने संपल्यापासून. उशीर झाला तर माफीचा वेगळा अर्ज करावा लागतो, कारण पटलं तर माफ होतो. हायकोर्टाला ठराविक मुदत नाही पण दहा वर्षं झोपून राहिलेल्याला विचारतातच.

पेन्शन कमी बसलीय असं असेल तर दर महिन्याला नव्याने नुकसान होतं, म्हणून उशीर आड येत नाही, पण मागची थकबाकी बहुतेक याचिकेच्या आधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते, २००८ च्या तरसेम सिंग निकालापासून असंच चाललंय. म्हणजे हक्क राहतो, पैसे मात्र गळतात. पुढच्या शिमग्याला बघू, मग गणपतीनंतर बघू, असं करत बसू नका.

याचिकेत मागायचं काय? "सगळे पैसे द्या" एवढं पुरे ना?

नाही पुरत. माझं सगळ्यात जास्त म्हणणं याच प्रश्नावर आहे.

लोकांना वाटतं कोर्ट पैसे देतं. कोर्ट काही तुमचं सेवापुस्तक घेऊन हिशोब करत बसत नाही हो, कोर्ट ऑफिसला तारीख घालून देतं. बऱ्याच याचिकांमध्ये निकाल काय येतो, तर "अर्जदाराच्या प्रकरणावर अमुक आठवड्यांत निर्णय घ्या आणि देय रक्कम अदा करा". लोक नाराज होतात, एवढं करून हेच का मिळालं. पण ज्याला ऑफिस माहीत आहे त्याला कळतं की तारीख हीच सगळ्यात मोठी गोष्ट आहे, कारण तारीख चुकली की कोर्टाचा अवमान आणि अवमान साहेबाच्या नावाने होतो. फाईलवर "मा. उच्च न्यायालयाचे आदेश" असा लाल शेरा पडला की चौदा महिने न हललेली फाईल दोन दिवसांत सहीला जाते, मी स्वतः अशा फाईली धावत नेल्यात.

म्हणून मागण्या तुकड्यातुकड्याने मांडायला वकिलाला सांगा. ज्या रकमेवर वादच नाही ती आधी, लगेच, अंतरिम आदेशात: भविष्य निर्वाह निधी, गटविमा, तात्पुरती पेन्शन. मग ग्रॅच्युइटी, रजेचा पगार, कम्युटेशन, प्रत्येकाला किती आठवड्यांत ते. मग व्याज, कुठल्या तारखेपासून ते लिहून. आणि खात्याने म्हणणं मांडायला वेळ मागितलाच तर त्या काळात बिनवादाची रक्कम तरी सोडा, हे तोंडी पण मागायला सांगा.

कुडाळकडचे एक ग्रामसेवक होते, रिटायर होऊन दोन वर्षं झालेली, ते वकिलाला म्हणाले, "पैशे काय मेल्यार गावतले?" वकिलाने नेमकं हेच केलं, बिनवादाची रक्कम आधी मागितली, आणि वेतननिश्चितीचा वाद पुढे चालू राहिला तरी म्हाताऱ्याच्या घराचं कौल गणपतीच्या आधी बदललं गेलं.

व्याज मिळतं का? किती?

मिळतं, पण मागितलं तर. याचिकेत लिहिलंच नाही तर बरेचदा विसरा.

राज्य सरकारी माणसाला १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांत १२९-अ आणि १२९-ब आहेत. ग्रॅच्युइटी तीन महिन्यांच्या वर लांबली, पेन्शन सहा महिन्यांच्या वर लांबली आणि चूक प्रशासनाची असली, तर त्यापुढच्या काळाचं व्याज भविष्य निर्वाह निधीच्या दराने, तो गेली काही वर्षं ७.१ टक्के आहे. अट लक्षात घ्या, चूक प्रशासनाची. तुम्ही कागदच उशिरा दिले असतील तर नाही मिळत, म्हणून परत सांगतो, पोच.

ग्रॅच्युइटी कायद्यातल्यांना ३० दिवसांत द्यायला लागते आणि नंतर साध्या व्याजाचा दर १० टक्के धरत आलेत. समजा एसटीच्या ड्रायव्हरचं शेवटचं मूळ वेतन अधिक महागाई भत्ता ४२,००० आणि नोकरी ३० वर्षं. ४२,००० ला २६ ने भागा, १५ ने गुणा, ३० ने गुणा, आले ७,२६,९२३. त्यावर १० टक्के म्हणजे महिन्याला ६,०५७ रुपये. वर्षभर लटकवलं तर ७२ हजारांवर जातं. हा आकडा निवेदनात लिहा, ऑफिसला आकडा दिसला की जरा जाग येते.

रजेच्या पगारावर व्याज हे नियमात सरळ लिहिलेलं नाही, पण २००८ च्या एस. के. दुआ केसमध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की नियम नसला तरी घटनेच्या आधारावर व्याज मागता येतं. त्याआधी १९८५ ला पद्मनाभन नायर केसमध्ये सांगितलेलं की पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही काही सरकारची खैरात नाही. वकिलाला ही नावं माहीत असतातच, तुम्ही फक्त व्याज मागायला विसरू देऊ नका.

पैसे द्यायच्या ऐवजी माझ्याकडेच वसुली काढलीय, वेतननिश्चिती चुकली म्हणे.

हा कोकणातला काय, सगळ्या महाराष्ट्रातला सार्वजनिक आजार. माणूस रिटायर व्हायला आला की सेवापुस्तक पडताळणीला जातं आणि मग कळतं की २००८ साली एक वेतनवाढ जादा पडली, एमएससीआयटी वेळेत पास नव्हता, एकस्तर वेतनश्रेणी (एक पायरी वरचा पगार) चुकीने दिली, आणि सगळी वसुली ग्रॅच्युइटीतून. पंधरा वर्षं कोणालाच दिसलं नाही आणि रिटायर होताना बरोबर दिसतं!

१८ डिसेंबर २०१४ चा रफिक मसीह निकाल पाठ करा. सुप्रीम कोर्टाने सांगितलं की वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्यांकडून, रिटायर झालेल्यांकडून किंवा वर्षभरात होणार असलेल्यांकडून, आणि पाच वर्षांपेक्षा जुन्या जादा रकमेची, अशी वसुली करता येत नाही. तुम्ही खोटं सांगून, फसवून पैसे घेतलेले नसले पाहिजेत, हे ओघानेच आलं. २०२२ ला केरळच्या थॉमस डॅनियल नावाच्या रिटायर शिक्षकाच्या केसमध्येही वसुली रद्द झाली.

आता यातली मेख. २०१६ च्या जगदेव सिंग केसमध्ये कोर्ट म्हणालं की वेतननिश्चितीच्या वेळी "जादा गेलं तर परत करीन" असं हमीपत्र दिलं असेल तर वसुली चालते. आणि आपण सगळ्यांनीच वेतन आयोगाच्या वेळी ते छापील हमीपत्र डोळे मिटून सही करून दिलेलं असतं. म्हणून आधी सेवापुस्तकाची प्रत काढा आणि बघा ते हमीपत्र आहे का, कधीचं आहे, कुठल्या वेतननिश्चितीचं आहे. रिटायर होताना पेन्शनचे कागद अडवून जबरदस्तीने घेतलेलं असेल तर तसं सांगा. जगदेव सिंग स्वतः न्यायिक अधिकारी होते, शिपायाला तोच न्याय लावायचा का, यावर वकील भांडतात आणि भांडावंच.

अजून एक, वसुली थांबली तरी पुढची पेन्शन दुरुस्त वेतनावर बसवू शकतात. ते वेगळं. वसुली माफ म्हणजे चुकीचा पगार कायम असं नाही.

माझ्यावर खातेनिहाय चौकशी चालू आहे, मग?

मग तात्पुरती पेन्शन मिळते पण ग्रॅच्युइटी चौकशी संपेपर्यंत रोखता येते, नियम १३०. पण चौकशी खरंच चालू आहे का ते बघा. "चौकशी प्रस्तावित आहे" म्हणून पैसे अडवलेले असतात आणि दोषारोपपत्र दिलेलंच नसतं. रिटायर झाल्यावर नवीन चौकशी काढायची तर नियम २७ प्रमाणे शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी चालत नाही. २०१३ ला झारखंडच्या जितेंद्रकुमार श्रीवास्तव केसमध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलंय की पेन्शन-ग्रॅच्युइटी ही मालमत्ता आहे आणि कायद्यातल्या तरतुदीशिवाय ती काढून घेता येत नाही. चौकशी खरीच चालू असेल आणि नुसती रेंगाळत असेल तर अमुक महिन्यांत संपवा अशी मागणी करायची.

सेवापुस्तकच सापडत नाही / पुरात गेलं म्हणतात.

चिपळूणला २२ जुलै २०२१ च्या पुरात काय काय भिजलं ते आम्ही डोळ्यांनी बघितलंय. एका ऑफिसात पंख्याखाली सेवापुस्तकं वाळत घातलेली, पानं एकमेकांना चिकटून पापडासारखी, निळी शाई पसरून सगळं एकच. ते खरं कारण होतं. पण नंतर पाणी ज्या मजल्यावर चढलंच नाही तिथलीही पुस्तकं "पुरात गेली".

पुस्तक सांभाळणं तुमचं काम नाही, कार्यालयाचं. दुय्यम सेवापुस्तक तयार करायचं असतं, वेतनबिलं, नेमणूक-बदलीचे आदेश, कोषागारातल्या नोंदी यांवरून. तुम्ही तुमच्याकडचे जुने आदेश, पगारस्लिपा, निधीच्या वार्षिक स्लिपा देऊन मदत करा, त्याची पण पोच घ्या. आणि याचिकेत तेच मागा, अमुक दिवसांत पुस्तक पुन्हा तयार करा आणि तोवर तात्पुरती पेन्शन. जे अजून नोकरीत आहेत त्यांनी आजच जाऊन आपल्या सेवापुस्तकाच्या प्रत्येक पानाचा मोबाईलवर फोटो काढा.

ग्राहक मंचात गेलो तर? तिथे स्वस्त पडतं म्हणतात.

सरकारी नोकराला सेवेच्या आणि निवृत्तीच्या पैशांसाठी तिथे जाता येत नाही, २०१३ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलंय. वेळ जाईल.

मी ३० जूनला रिटायर झालो, १ जुलैची वेतनवाढ गेली. ती मिळते का?

११ एप्रिल २०२३ ला कर्नाटकच्या वीज कंपनीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने वर्षभर काम केलेल्याला ती वाढ धरायला सांगितलं. वाढ पेन्शनच्या हिशोबापुरती धरतात. आधी खात्याकडे अर्ज करा, आता यासाठी प्रत्येकाने स्वतंत्र लढायची गरज राहिलेली नाही. नाकारलं तरच पुढे.

केस लवकर लागण्यासाठी काय करता येतं?

वकील प्रिसिपी टाकतो, म्हणजे तातडीने बोर्डावर (त्या दिवशीच्या सुनावणीच्या यादीत) घ्या अशी चिठ्ठीच म्हणा. त्याला सबळ कारण लागतं. ऑपरेशनची तारीख, डायलिसिस, वय, घरात दुसरं उत्पन्न नाही, याचे कागद सोबत पाहिजेत, नुसतं "अर्जदार ज्येष्ठ नागरिक आहे" हे सगळेच लिहितात. केस नंबर घेऊन ठेवा आणि ई-कोर्ट्सच्या ॲपवर बघत जा, दर दोन दिवसांनी वकिलाला फोन करू नका. बोर्डावर नाव असून नंबर न लागणं हे रोजचं आहे, त्यात वकिलाचा दोष नसतो. मराठी कागदांचं इंग्रजी भाषांतर हायकोर्टात लागतं, ते आधीच करून ठेवलंत तर एक-दोन महिने वाचतात. फायलिंगमधल्या त्रुटी काढून केस नंबरावर येणं यातच लोकांचा पावसाळा जातो.

ऑर्डर मिळाली तरी पैसे देत नाहीत.

ऑर्डरची सर्टिफाईड कॉपी घेऊन स्वतः ऑफिसला द्या, पोच घ्या. वकिलाने पाठवली असेल म्हणून बसू नका, मुदत बरेचदा प्रत मिळाल्यापासून मोजतात. मुदत संपली की वकिलाची नोटीस आणि तरी नाही तर अवमान याचिका, ती एक वर्षाच्या आत. बहुतेक वेळा नोटिशीवरच काम होतं.

कोर्टात गेलो तर ऑफिस डूख धरेल का?

धरून करणार काय? नोकरी संपली, बदली होत नाही, गोपनीय अहवाल नाही. उलट टेबलवाल्याची सुटका होते, तो साहेबाला सांगू शकतो की कोर्टाचं आहे, सही करा. क्लार्कशी भांडू नका मात्र, दहातल्या आठ वेळा अडवणारा तो नसतोच.

वकिलाची फी परवडत नाही. सगळ्यांनी मिळून एकच याचिका चालेल?

प्रश्न सगळ्यांचा अगदी एकच असेल, उदाहरणार्थ एकाच तालुक्यातल्या शिक्षकांचा अनुदानाअभावी राहिलेला रजेचा पगार, तर चालते, कोर्ट फी प्रत्येकाची वेगळी भरावी लागते. पण एकाची वसुली, दुसऱ्याची चौकशी, तिसऱ्याचं पुस्तक हरवलेलं, अशी खिचडी करू नका, सगळ्यात अवघड माणसाच्या वेगाने सगळे चालतात. विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो, बायकांना तर उत्पन्नाची अट पण नाही. रिटायर शिक्षिका आणि अंगणवाडीतल्या पर्यवेक्षिका हे विचारतच नाहीत, विचारा. मॅटमध्ये स्वतः उभं राहता येतं. हायकोर्टात स्वतः चालवायची तर आधी रजिस्ट्रीकडून परवानगीचं सगळं करावं लागतं, मी त्या वाटेला कोणाला पाठवत नाही.

आमचे हे वारले, पैसे मिळायच्या आधीच.

वारसांना याचिका करता येते, चालू असलेल्या याचिकेतही नाव लावता येतं. नॉमिनेशन कोणाचं आहे ते आधी बघा, लग्नाआधी आईचं नाव लावलेलं आणि नंतर बदललंच नाही असं फार असतं. फॅमिली पेन्शनचा अर्ज मात्र कोर्टाची वाट न बघता वेगळा लगेच करा वहिनी, तो या भांडणात अडकवायचा नसतो.

वकिलाकडे पहिल्यांदा जाताना काय न्यायचं?

नेमणुकीचा आदेश, रिटायरमेंटचा आदेश, सेवापुस्तकाची प्रत, शेवटची पगारस्लिप, ना-देय दाखला, माहिती अधिकाराचं उत्तर, निवेदनाची शिक्क्याची प्रत, बँकेचं पासबुक. एका कोऱ्या कागदावर तारखा ओळीने, वर्ष-महिना-दिवस, स्वतःच्या हाताने. मूळ कागद द्यायचे नाहीत, झेरॉक्सचे दोन सेट. आणि जून ते सप्टेंबरमध्ये जात असाल तर सगळं प्लास्टिकच्या पिशवीत घालून वर अजून एक पिशवी, माझ्या एका मित्राची शिक्क्याची एकुलती एक प्रत रत्नागिरी स्टँड ते रिक्षा एवढ्या अंतरात भिजली आणि शिक्का गेला.